मामांची कोमट जमीन

खुर्चीनं माणसाचं जेवढं नुकसान केलं तेवढं दुसऱ्या कुठल्याही वस्तूनं केलेलं नाही, असं मनापासून मानणारा एकच माणूस मी आजवर पाहिला, आणि तो नेमका माझ्या सासरच्या गोतावळ्यात निघाला. हे माझे मामेसासरे, म्हणजे बायकोचे सख्खे मामा. घर चाकूरकडचं, शेतकऱ्याचं. पण शाळेत भूगोल शिकवायच्या नोकरीपायी नांदेडला आले आणि तिथलेच झाले. निवृत्त होऊन बरीच वर्षं झाली तरी सगळी गल्ली त्यांना मास्तर म्हणते. मामांचं म्हणणं असं की पृथ्वी एवढी मोठी केली आहे ती माणसानं तिच्यावर बसावं म्हणून. चार पायांवर अधांतरी बसायचं असतं तर आपण माणूस कशाला झालो असतो, चिमण्याच नसतो का झालो? त्यांच्या घरात सोफा नाही, खुर्ची नाही. एक पलंग आहे, तो मामींच्या माहेरून आलेला, आणि त्यावर घडी केलेल्या गोधड्या झोपतात. पाहुणा तहसीलदार असो नाहीतर तालेवार व्यापारी, त्यानं बैठकीतल्या गालिच्यावर मांडी घालायची आणि मग तोंड उघडायचं. मी स्वतः पक्का खुर्चीचा माणूस. लातूरला कॉलेजात शिकवतो, तेही शक्यतो बसून. त्यामुळे मामांकडे जायचं ठरलं की माझे गुडघे आदल्या दिवसापासून कुरकुरायला लागतात.

या प्रकरणाची चुणूक मला माझ्या लग्नाच्या बोलणीतच मिळाली होती. बोलणी आमच्या लातूरच्या घरी होती. वडिलांनी सोफ्याला नवी खोळ घातली होती. मुलीकडची मंडळी आली, सोफ्यावर टेकली आणि मामा मात्र सोफ्याकडे ढुंकूनही न बघता खाली फरशीवर बसले. मुलीचा मामा खाली आणि आपण वर, हे वडिलांना बरं दिसेना, म्हणून तेही खाली आले. घरधनीच खाली बसलेला बघून पाहुण्यांची पंचाईत झाली आणि तेही एकेक करून उतरले. शेवटी नवी खोळ घातलेला सोफा रिकामा आणि दोन्हीकडची वडीलधारी मंडळी भिंतीला पाठ लावून गुडघे चोळत बसलेली, असा देखावा तयार झाला. मानपानाची बोलणी एरवी दुपार खातात; त्या दिवशी चहा गार व्हायच्या आत सगळ्याला होकार मिळाला, कारण सगळ्यांच्याच पायांना मुंग्या आल्या होत्या. मामांचं मत असं की जगातले सगळे तंटे असेच मिटतील, फक्त माणसं खाली बसली पाहिजेत. मला त्याचा फायदाच झालेला असल्यामुळे मी आजवर वाद घातलेला नाही.

हदगावला एका लग्नात बुफे होता. मामांनी ताट वाढून घेतलं, दोन पावलं बाजूला गेले आणि सरळ हिरवळीवर मांडी ठोकली. कुणाला वाटलं चक्कर आली. पाणी आलं, कांदा आला, कुणीतरी चप्पलही नाकाशी धरायच्या तयारीत होतं. मामा म्हणाले, मला काही झालेलं नाही, मी जेवतो आहे. ते बघून एक म्हातारी त्यांच्या शेजारी टेकली, मग तिची जाऊ, मग तिच्या गावच्या सगळ्याजणी, आणि बघता बघता त्या हिरवळीवर पंगत बसली. केटररची टोपीवाली पोरं वाकून वाकून वाढत होती. मामा पंगतीच्या टोकाला बसून आग्रह करत होते.

त्यांच्या तळव्यांबद्दल तर बोलायलाच नको. डोळे मिटून पाऊल टेकवतील आणि खाली शहाबादी आहे, कडप्पा आहे की मोझॅक, हे सांगतील. आमच्या एका नातेवाइकानं बंगला बांधला, आत आरशासारख्या चकचकीत टाइल्स. वास्तुशांतीला मामा दारातच थबकले, एक पाय आत टाकला आणि घरमालकाला म्हणाले, "ही जमीन न्हाई, बशी हाय. हिच्यात चहा प्यायचा असतो." मोज्यांचा त्यांना मनस्वी राग. पायाचं तोंड दाबून ठेवण्यासारखं आहे ते, असं म्हणतात. शाळेत असताना मुलांना अनवाणी मैदानात उभं करून, काळी माती कुठे संपते आणि मुरूम कुठे लागतो ते पायानं ओळखायला लावायचे. वर्गात फरशीवर पाण्यानं गोदावरी काढायचे, आणि ती वाळायच्या आत मुलांनी तिच्या उपनद्या सांगायच्या. नकाशावरचे निम्मे देश त्यांनी स्वतः पाहिलेले नव्हते, मुलांनी ते पाहण्याची शक्यता त्याहून कमी होती. तरी ते असे सांगत, की टुंड्रा प्रदेश म्हटल्यावर शेवटच्या बाकावरचं पोरगंही पाय आखडून घ्यायचं.

अशा या माणसाची बैठक रोज संध्याकाळी भरायची. रेल्वेतून निवृत्त झालेले एक गार्डसाहेब यायचे, गल्लीतले आणखी दोघे-तिघे यायचे. पण बैठक खरी सुरू व्हायची ती भाई आल्यावर. भाई म्हणजे मामांचे तरुणपणापासूनचे दोस्त. निजामाच्या काळापासून त्यांच्या घराण्याचं गालिचे आणि सतरंज्यांचं दुकान. मामांच्या बैठकीतला तो जाड, मेंदीच्या रंगाचा गालिचा भाईंनीच मामांच्या लग्नात दिलेला. भाईंची ख्याती अशी की त्यांनी मालाबद्दल कधी खोटं सांगितलं नाही. गिऱ्हाइकानं एखाद्या गालिच्यावर हात फिरवला की हे आपणहून म्हणायचे, घेऊ नका, रंग जाईल. त्यांच्या मुलाला याचा फार त्रास. भाईंची खिडकीजवळची जागा ठरलेली होती. ते बसायचे, बोलता बोलता गालिच्याची लोकर उलटसुलट कुरवाळायचे, आणि मामांच्या प्रत्येक विधानावर "हाव का?", म्हणजे असं का, एवढंच म्हणायचे. त्या दोन शब्दांत ते कधी कौतुक घालायचे, कधी शंका आणि कधी नुसती गंमत.

तर एका हिवाळ्यात भाई येईनासे झाले. आधी दोन दिवसांआड आले, मग आठवड्यातून एकदा, मग नाहीच. मामा दुकानात गेले तेव्हा भाई म्हणाले, तुझी फरशी लई थंड, गुडघे धरतात, आता आपल्याच्यानं होत न्हाई. मामी म्हणाल्या, अहो, त्यांच्यापुरती एक खुर्ची आणा की. आणि इथे मला मामांच्या दोस्तीची खोली कळली, कारण हा माणूस खरोखर फर्निचरच्या दुकानात गेला. त्यानं खुर्च्या पाहिल्या, एकीवर बसूनही पाहिलं. पण भाईंनीच ऐकलं नाही. सगळे खाली अन् मी एकटा वर बसून काय भाषण देऊ, असं म्हणून त्यांनी विषय तोडला. बैठक चालू राहिली, गार्डसाहेब येत राहिले. पण खिडकीजवळच्या जागेवर कुणी बसत नसे, आणि एखादं विधान ठासून केलं की मामा तिकडे बघत. मला ते बघवत नसे.

पुढच्या वर्षी मामांच्या मुलीनं दोघांना कॅनडाला नेलं. विमानतळावर मामा एवढ्या खुर्च्या सोडून खाली बसले आणि गणवेशातल्या दोन माणसांनी येऊन त्यांची चौकशी केली, हे मामींनी आम्हांला फार रंगवून सांगितलं आहे. मुलीच्या घरात खालच्या मजल्यावर एक खोली होती. तिच्यात भिंतीपासून भिंतीपर्यंत पातळ गालिचा, आणि गालिच्याखाली विजेच्या तारांची जाळी, जमीन आतून गरम ठेवणारी. बाहेर बर्फ. मामांनी सवयीनं तिथं अनवाणी पाऊल ठेवलं आणि तिथंच बसले. मुलगी म्हणाली, चला, तुम्हांला धबधबा दाखवते. मामा म्हणाले, पाणी मी पाहिलंय. त्या संध्याकाळी त्यांनी मला लातूरला फोन केला. "जावईबापू," ते म्हणाले, "इथली जमीन अंगात ताप असल्यासारखी गरम हाय. भाईला बसवलं पाहिजे हिच्यावर."

नांदेडात जमीन गरम करायला वीज जाळायची, ही कल्पनाच अशी होती की ती ऐकून माणसं आधी हसत आणि मग मामींकडे सहानुभूतीनं बघत. जिथं मे महिन्यात नळाचं पाणी अंघोळीला विसणावं लागतं, दुपारी अंगणात पाऊल टेकवत नाही, तिथं हा माणूस हैदराबादहून फिटर बोलावून बैठक तापवणार. गार्डसाहेबांनी विचारलं, मास्तर, उन्हाळ्यात तारा उलट्या जोडून जमीन गार होते का? मामा कुणालाच उत्तर देत नव्हते. फिटर आला, त्यानं शहाबादीवर उष्णता खाली जाऊ नये म्हणून एक थर अंथरला, त्यावर तारांची जाळी, त्यावर पातळ पाट्या, आणि भिंतीवर उष्णता कमीजास्त करायचं बटण बसवलं. मग त्यानं भाईंचा मेंदीचा गालिचा चिमटीत धरून पाहिला आणि मान हलवली. एवढ्या जाड गालिच्यातून ऊब वर येणारच नाही, खालीच कोंडून राहील. पातळ पाहिजे, आणि वर गाद्या-लोड रचायचे नाहीत. मामा दिवसभर त्याच्याशी भांडले. ज्याच्यासाठी हे सगळं, त्याचाच गालिचा काढायचा? अखेर त्यांनी गालिचा गुंडाळला, पांढरा अभ्रा चढवून त्याचा लोड केला आणि खिडकीजवळच्या भिंतीला टेकवून ठेवला. पातळ गालिचा भाईंच्याच दुकानातून आणला, त्यांना न सांगायची शपथ त्यांच्या मुलाला घालून.

मामींचा विरोध फार दिवस टिकला नाही. थंडीत त्यांचं दही कधी लागत नसे. त्यांनी एका संध्याकाळी विरजणाचं भांडं बैठकीच्या कोपऱ्यात ठेवून पाहिलं आणि सकाळी दह्यात चमचा उभा राहिला. त्यानंतर मोड आणायची मटकी आली, इडलीचं पीठ आलं. बैठकीचा एक कोपरा मामींनी असा ताब्यात घेतला की गार्डसाहेबांना बसताना आधी पातेली मोजावी लागत. मामा कुरकुरले, पण मनातून सुखावले होते. निदान दही तरी खोटं बोलत नाही, असं मला हळूच म्हणाले.

नाताळच्या सुट्टीत आम्ही दोघं नवरा-बायको नांदेडला होतो. एका संध्याकाळी भाई यायचे होते. मामांनी दुकानात जाऊन फक्त एवढंच सांगितलं होतं की फरशी आता थंड नाही, एकदा येऊन बघ. भाईंनी खूप आढेवेढे घेतले, मग मुलाच्या खांद्यावर हात ठेवून आले. मामांच्या टाचांना भेगा पडलेल्या म्हणून मामींनी मलम चोपडून त्यांना जबरदस्तीनं मोजे घालायला लावले होते. एरवी यावरून घरात महाभारत झालं असतं, पण त्या दिवशी मामांना स्वतःचे पाय होतेच कुठे? ते दाराशी उभे होते. भाईंनी चपला काढल्या, चौकट धरली, सावकाश आत पाऊल टाकलं, मग दुसरं. मामांनी विचारलं, कसं वाटतंय? भाईंनी मामांच्या चेहऱ्याकडे पाहिलं. मग म्हणाले, "एकदम गरम, मास्तर. चुलीपुढं बसल्यासारखं वाटून राहिलं."

मामांचा तो चेहरा मी कधी विसरणार नाही. त्यांनी भाईंना खिडकीजवळ बसवलं, लोडाला टेकवलं, आणि मग जी बैठक रंगली ती विचारू नका. कॅनडा झाला, विमानतळ झाला, न पाहिलेला धबधबाही झाला, आणि प्रत्येकावर भाईंचं "हाव का?" आलं. मला बसल्या बसल्या जरा गारठल्यासारखं वाटत होतं, पण खुर्चीच्या माणसाचं कुणी काय ऐकणार, म्हणून मी पाय पोटाशी घेऊन गप्प राहिलो.

सकाळी मामींनी विरजणाचं झाकण काढलं तर आत दूधच. दही लागलं नव्हतं. मामी पातेलं घेऊन दारात गेल्या आणि शेजारणीशी बोलताना उलगडा झाला. आदल्या दिवशी दुपारीच गल्लीचा डीपी जळाला होता. वीज आली ती थेट सकाळी. घरात दिवे आणि पंखे इन्व्हर्टरवर चालतात म्हणून आमच्या कुणाच्या लक्षात आलं नाही. पण जमिनीची जोडणी इन्व्हर्टरवर नव्हती. सगळी संध्याकाळ ती शहाबादीसारखी थंडगार पडून होती. तेवढ्यात आलेल्या गार्डसाहेबांनी कबूल केलं की आपल्याला थंडी वाजत होती, पण भाईच गरम म्हणतात म्हटल्यावर आपलंच वय झालं असं वाटलं. आम्ही हसायला लागलो. मामा हसले नाहीत. त्यांनी पायातले मोजे काढले, तळवे गालिच्यावर टेकवले आणि म्हणाले, भाई खोटं बोलत न्हाई. मग माझ्याकडे बघून म्हणाले, चला.

आम्ही ऑटोनं दुकानात गेलो. भाई गादीवर बसले होते. मामांनी रामराम-सलाम काही केलं नाही. जमीन थंड होती, एवढंच म्हणाले. भाई हातातली सतरंजी घडी करत राहिले. ती घडी फार नीट झाली, तरी त्यांनी ती पुन्हा मोडली. मग म्हणाले, "मास्तर, शुगरनं तळवे गेले माझे. खाली गालिचा हाय का खडी, कळतच न्हाई. चप्पल वाटंत निघून पडती, लोक मागून हाक मारतात तवा समजतं. तुझ्या उंबऱ्यात दोनदा पडता पडता राहिलो. जमीन लागतच न्हाई हे कसं सांगू? म्हणून थंड लागती म्हणलो."

"अन् काल?"

"काल तू लहान पोरावाणी बघून राहिला होता माझ्याकडं. तू एवढं केलं म्हणल्यावर गरमच असंल की. मला तेवढं पुरलं."

मामा गादीच्या कडेला बसले. ज्या कारणासाठी त्यांनी हैदराबादहून माणूस आणला, गालिचा गुंडाळला, सगळ्या गल्लीचं हसू सोसलं, ते कारण म्हणजे नुसती सबब होती. मला वाटलं आता ते चिडतील. पण त्यांना राग आला नव्हता, वाईट वाटत होतं, आणि ते त्यांनी लपवलंही नाही. डोळे पुसले आणि म्हणाले, आधी सांगायचं होतंस. भाईंना दवाखान्यात नेलं तर डॉक्टरांनी वरून आणखी बजावलं, की असे पाय असलेल्या माणसाला गरम जमीन फार जपून. भाजलं तरी त्याला कळणार नाही. घरी आल्यावर मामा बटणापुढे कितीतरी वेळ उभे होते. उपटून टाकतो सगळं, म्हणाले. ते ऐकून भाईंनी निरोप पाठवला, राहू दे, भाभींचं दही लागतं ना.

हे सगळं होऊन दोन हिवाळे गेले. जमीन अजून आहे. मात्र भाई यायच्या वेळी मामा बटण खाली आणतात, जेमतेम कोमट एवढंच ठेवतात. आपले तळवे टेकवत सगळी बैठक फिरून बघतात, मग भाईंना दारापासून हाताला धरून आत आणतात. भाई बसले की मामा त्यांचे पाय स्वतःच्या मांडीवर घेतात, आणि चष्मा वर करून, बोटांच्या फटींसकट दोन्ही तळवे बघतात. उठताना पुन्हा एकदा बघतात. पहिल्या दिवशी भाईंनी पाय ओढून घेतले होते. "पायाला हात लावू नको मास्तर," ते म्हणाले, "मला गुनाह लागंल." मामा म्हणाले, लागू दे. एकदा एक नवा शेजारी दारात आला तर मामा भाईंच्या पायांवर वाकलेले. भाई म्हणजे कुणी मोठे पीर असावेत असं वाटून तोही बिचारा पुढे होऊन पाया पडला. भाईंनी त्याला आशीर्वाद देऊन टाकला.

परवा मी गेलो होतो. भाई आता थकले आहेत, फार बोलत नाहीत, नजरही अधू झाली आहे. मामाही वाकले आहेत. खाली बसताना भिंत धरतात, उठताना मामींना हाक मारतात, पण खुर्चीचं नाव काढत नाहीत. मी भिंतीला टेकून गुडघे चोळत होतो. मामांनी भाईंचे पाय बघून हलकेच गालिच्यावर ठेवले, त्यांच्या शेजारी आपले पाय ठेवले, आणि ज्या आवाजात ते एके काळी पोरांना कधी न पाहिलेले देश सांगायचे, त्या आवाजात सांगायला लागले.

"आज कोमट हाय, भाई. खिडकीकडं जरा कमी, तुझ्या उजव्या अंगाला जास्त. खाली गालिचा हाय, तुझ्याच दुकानचा, मऊ हाय."

भाईंनी आपल्या पावलांकडे पाहिलं आणि म्हणाले, "हाव का?"